हत्यारपेटी : फ्यूज बदलण्याआधी फ्यूजचे ऐका



मागील अंकात आपण गाडीच्या बॅटरीची निगा कशी राखावी ते पाहिले. आज तिच्या पुढची पायरी घेऊ. विषय छोटा आहे. वडापावच्या किमतीत मिळणाऱ्या प्लॅस्टिकच्या एका तुकड्याचा आहे. पण याच तुकड्यापायी माझ्या बहिणीच्या घरातले साडेआठ हजार रुपये जाता जाता वाचले, आणि त्याच तुकड्याशी खेळ केल्यामुळे पुढे चार दिवसांनी सहा माणसांचा जीव धोक्यात आला. म्हणून हा लेख शेवटपर्यंत वाचावा आणि घरात जो कोणी गाडी चालवत असेल त्यालाही वाचून दाखवावा, ही विनंती.

ज्यांचे बालपण चाळीत किंवा रेल्वेच्या क्वार्टरमध्ये गेले त्यांना मीटरजवळचा तो चिनीमातीचा पांढरा फ्यूज आठवत असेल. लाइट गेली की वडील खुर्चीवर चढायचे, फ्यूज ओढून काढायचे आणि त्यात केसासारखी बारीक तार गुंडाळायचे. ती तार मुद्दाम बारीक असे. वायरींमधून जास्त करंट वाहू लागला तर सर्वांत आधी तिने वितळावे आणि घर वाचवावे, एवढेच तिचे काम. पण प्रत्येक चाळीत एक तरी शहाणा असे. तो बारीक तारेऐवजी जाड तार घाली आणि म्हणे, "आता बघू कसा उडतो ते!" फ्यूज खरेच उडत नसे. मग एक दिवस भिंतीतली वायरच जळे.

गाडीतला फ्यूजही हेच काम करतो. फक्त त्याचा आकार निराळा. रंगीत प्लॅस्टिकचे छोटे डोके, खाली दोन चपटे पाय आणि मधे धातूची वाकडी पट्टी. ठरलेल्या मर्यादेपेक्षा करंट वाढला की ती पट्टी वितळून तुटते आणि रस्ता बंद होतो. त्याला आपण फ्यूज उडाला म्हणतो. इतर फ्यूज उडाले तर हॉर्न बंद पडतो, नाही तर काच वर होत नाही. पेट्रोल पंपाचा फ्यूज उडाला तर मात्र आख्खी गाडी जागेवर उभी राहते.

येथे पंप म्हणजे रस्त्यावरचा पेट्रोल पंप नव्हे. टाकीतले पेट्रोल इंजिनापर्यंत ढकलणारा गाडीतला पंप. जुन्या काळ्यापिवळ्या प्रीमियर पद्मिनी टॅक्सीत हा पंप इंजिनाला चिकटलेला असे आणि इंजिनाच्या कॅमशाफ्टच्या हिसक्यावर चाले. त्याला विजेची गरज नव्हती, म्हणून फ्यूजही नव्हता. उन्हाळ्यात तो तापला की ड्रायव्हर मंडळी त्यावर ओले फडके ठेवायची. मुंबईच्या रस्त्यांवरून ती टॅक्सी २०२३ च्या ऑक्टोबरमध्ये कायमची गेली. त्याच्या बऱ्याच आधी, म्हणजे २००० सालच्या आसपास प्रदूषणाचे नियम कडक झाले तेव्हा नव्या गाड्यांतून कार्बोरेटर जाऊन इंजेक्शन आले. इंजेक्शनला पेट्रोल दाबाने लागते. म्हणून पंप विजेचा झाला आणि थेट टाकीच्या पोटात जाऊन बसला. तो दिसत नाही, त्याला हात लावता येत नाही. त्यामुळेच त्याच्या नावावर कोणतेही बिल फाडता येते.

माझे आयुष्य गाड्यांच्या वायरिंगमध्ये गेले. आता डोळे तितके साथ देत नाहीत, तरी घरच्यांचा फोन आला की पिशवी उचलून निघतो. माझा भाचा भुसावळहून जळगावला कंपनीतल्या कामगारांची ने-आण करतो. गाडी पेट्रोलची, सेकंडहँड, पतसंस्थेच्या कर्जावर घेतलेली. एक दिवस गाडी बंद म्हणजे त्या दिवसाची कमाई गेलीच, शिवाय हप्ता काही थांबत नाही. एका सकाळी पहिल्या पाळीची माणसे घेऊन जात असताना नशिराबादच्या अलीकडे गाडी अचानक बंद पडली. आचके नाहीत, धडधड नाही. कोणी चावी फिरवून बंद करावी तशी गप्प झाली. सेल्फ मारला तर इंजिन फिरे, पण सुरू होत नसे.

माणसे दुसऱ्या गाडीत बसवून देऊन त्याने आपली गाडी ओढत एका गॅरेजवर नेली. तिथे बोनट उघडले गेले, दोन मिनिटे पाहणी झाली आणि निकाल लागला : पंप गेला. मजुरीसकट साडेआठ हजार. संध्याकाळी बहिणीचा फोन आला. "दादा, भिशीचे पैसे उचलते आणि कानातले ठेवते. एवढ्यात होईल ना?" मी म्हटले, "कानातले कानातच राहू दे. मी सकाळी येतो."

सकाळी गॅरेजवर गेलो. भाच्याला म्हटले, "मागच्या सीटवर बस आणि कान दे." मी चावी ऑनवर आणली, सेल्फ मारला नाही. चांगल्या गाडीत या वेळी मागून साधारण दोन सेकंद बारीक घूंऽऽ असा आवाज येतो. तो पंपाचा आवाज. इंजिन सुरू होण्याआधी तो नळीत दाब भरून घेतो. भाचा म्हणाला, "मामा, काहीच येत नाही." मी फ्यूज बॉक्सचे झाकण उघडले. पंपाचा फ्यूज निळा, १५ अ‍ॅम्पियरचा. ओढून उजेडात धरला. मधली पट्टी तुटलेली आणि प्लॅस्टिकवर काळा डाग. पिशवीतून दुसरा निळा काढून बसवला. चावी ऑन केली, घूंऽऽ आवाज आला आणि पहिल्या सेल्फला गाडी सुरू! गॅरेजवाल्याला ओढून आणलेली गाडी ठेवून घेतल्याचे दोनशे रुपये देऊन आम्ही निघालो. सगळेच गॅरेजवाले तसे नसतात, हेही सांगतो. प्रामाणिकपणे आधी फ्यूज पाहणारे मी पुष्कळ पाहिले आहेत.

घरी कौतुक झाले, चहा झाला, पोहे झाले. आणि मी माझी चूक केली. फ्यूज का उडाला, हे मी पाहिलेच नाही. "जुना झाला असेल" म्हणून सोडून दिले. इतकी वर्षे काम केलेल्या माणसाने असे करू नये. फ्यूज म्हातारा होऊन क्वचितच जातो. बहुतेक वेळा त्याला कोणीतरी उडवलेले असते.

तिसऱ्या दिवशी तो पुन्हा उडाला. भाच्याने या वेळी मला फोन केला नाही. गाड्यांच्या स्टँडवर कोणीतरी सल्ला दिला, "अरे, निळा टिकत नाही, हिरवा टाक!" हिरवा म्हणजे ३० अ‍ॅम्पियर, निळ्याच्या दुप्पट. हिरवा टाकला आणि गाडी धावू लागली. दुसऱ्या दिवशी रात्रपाळी सुटल्यावर पाच माणसे घेऊन तो परत येत होता. त्यांत त्याची बायकोही होती, ती त्याच कंपनीत पॅकिंगला जाते. ती मागच्या सीटवर होती. तिला प्लॅस्टिक जळाल्यासारखा वास आला. ती म्हणाली, "गाडी थांबवा." भाचा म्हणाला, "बाहेर कोणी कचरा जाळत असेल." ती पुन्हा म्हणाली, "आधी थांबवा, मग बोला." गाडी थांबली, सगळे उतरले, सीट उचलली तर खालून धूर! वायरीचे वेष्टण वितळून चिकट झाले होते. आणि त्या पत्र्याच्या खाली पेट्रोलची टाकी होती.

तिने बॅटरीची वायर काढायला लावली म्हणून पुढचे टळले. त्या रात्री मला झोप लागली नाही.

सकाळी सीट काढून बसलो तेव्हा सगळा उलगडा झाला. कोणीतरी नवे सीट कव्हर घालताना पंपाकडे जाणारी वायर सीटच्या लोखंडी पट्टीखाली दाबली गेली होती. वर माणसे बसली आणि खड्डे आले की पट्टी वायरीवर घासे. घासून घासून वेष्टण गेले आणि आतले तांबे गाडीच्या पत्र्याला जेमतेम टेकू लागले. आता हिशेब पाहा. चांगला पंप गाडीप्रमाणे साधारण ४ ते ८ अ‍ॅम्पियर करंट घेतो. त्यात पत्र्याकडे आणखी १२-१५ अ‍ॅम्पियर वाहून जात असतील तर एकूण २० च्या आसपास गेले. निळ्या फ्यूजला हे सहन होत नव्हते, म्हणून तो काही वेळाने उडे. तो बरोबर होता! हिरव्या फ्यूजला मात्र २० म्हणजे काहीच नाही. तो शांत बसला आणि फ्यूजच्या जागी वायर तापत राहिली. बाराच्या बॅटरीवर १२-१५ अ‍ॅम्पियर जिथे अर्धवट टेकून वाहतात, तिथे शंभरावर वॅटची उष्णता साठू शकते. रेडिओ दुरुस्तीचा सोल्डरिंग आयर्न साधारण २५ वॅटचा असतो. तसे चार-पाच आयर्न पेट्रोलच्या टाकीवर ठेवून भाचा हायवेने चालला होता, असे समजा.

म्हणून आजचा धडा दोन वाक्यांचा आहे. गाडी एकदम बंद पडली तर पंपावर पैसे घालण्याआधी फ्यूज पाहा. आणि फ्यूज उडालेला दिसला तर तो का उडाला ते शोधल्याशिवाय गप्प बसू नका.

आता पद्धत सांगतो. ही इंजेक्शनच्या पेट्रोल गाडीची आहे, डिझेल गाडीची व्यवस्था निराळी असते.

पहिले काम म्हणजे गाडी रस्त्याच्या कडेला घेणे, चारी इंडिकेटर लावणे आणि माणसे उतरवून रस्त्यापासून दूर उभी करणे. पेट्रोलचा वास येत असेल तर चावी काढा, दूर व्हा आणि काहीही तपासू नका. बिडी-काडी तर नाहीच. अंधार असेल तर टॉर्च वापरा, काडी पेटवू नका.

दुसरे, टाकीत पेट्रोल आहे ना ते पाहा. हसू नका, काटा अडकलेला असतो आणि माणूस तासभर फ्यूज शोधत बसतो.

तिसरे, सेल्फ कसा लागतो ते ऐका. सेल्फच लागत नसेल, नुसते कट्‌कट् होत असेल तर बॅटरीकडे जा. मागचा अंक काढून पाहा. सेल्फ जोमाने फिरतो पण इंजिन पकडत नाही, तर मग पंपाचा संशय घ्या. पंपच मरायला टेकला असेल तर बहुधा तो आधी सूचना देतो. चढावर गाडी दम टाकते, आचके देते, मागून आवाज वाढलेला असतो. फ्यूज गेला की मात्र तुकडा पडल्यासारखे होते.

चौथे, वर सांगितल्याप्रमाणे चावी ऑन करून मागे कान द्या. आवाज आला तर पंप आणि फ्यूज दोन्ही जिवंत आहेत, दोष दुसरीकडे शोधा. आवाज नाही तर पुढे चला.

पाचवे, फ्यूज बॉक्स शोधा. एक बहुधा ड्रायव्हरच्या गुडघ्याजवळ डॅशबोर्डखाली असतो, दुसरा बोनटखाली बॅटरीजवळ. झाकणाच्या आतल्या बाजूला तक्ता असतो. त्यात फ्यूएल पंप, एफ.पी. किंवा ई.एफ.आय. असे लिहिलेले असते, कुठे पंपाचे चित्र असते. गाडीबरोबर मिळालेल्या पुस्तकातही हा तक्ता असतो. चावी बंद करा आणि मगच फ्यूज ओढा. बॉक्समध्ये प्लॅस्टिकचा छोटा चिमटा दिलेला असतो, तो वापरा. लोखंडी पकड घालू नका. फ्यूज उजेडात धरून पट्टी पाहा. डोळ्यांना नीट दिसत नसेल तर मल्टीमीटर बीपवर ठेवून दोन्ही पायांना लावा. आवाज आला तर फ्यूज चांगला.

सहावे, फ्यूज चांगला असेल तर रिले पाहा. रिले म्हणजे पंपाला करंट सोडणारी चौकोनी डबी. बऱ्याच गाड्यांत हॉर्नचा रिले अगदी तसाच असतो. दोन्हींवरचा नंबर तंतोतंत एक असेल तरच अदलाबदल करून पाहा. पंप चालू झाला आणि हॉर्न बंद पडला, तर रिले गेला समजा. त्याचीही किंमत पंपापुढे काहीच नाही. काही गाड्यांत जोराचा धक्का बसल्यावर पंप बंद करणारी कळही असते. गाडी आपटली असेल तर पुस्तकात बघून ती दाबून पाहा.

आता फ्यूज बदलण्याविषयी. नव्या फ्यूजवरचा आकडा जुन्याइतकाच आणि तक्त्यातल्याइतकाच हवा. रंग पाठ करा : लाल १०, निळा १५, पिवळा २०, पारदर्शक २५, हिरवा ३०. सेकंडहँड गाडी असेल तर आधीच्या मालकाने काय घालून ठेवले याचा भरवसा नाही, म्हणून तक्ताच खरा मानावा. जवळ फ्यूज नसेल तर म्युझिक किंवा लायटरचा त्याच आकड्याचा फ्यूज काढून वापरा. दिव्यांचा, ब्रेक लाइटचा आणि वायपरचा काढू नका. लहान आकड्याचा घातला तर फार तर तो उडेल. मोठ्या आकड्याचा, तारेचा तुकडा किंवा सिगारेटच्या पाकिटातली चांदी कधीही घालू नका. "गॅरेजपर्यंतच जायचे आहे" असे म्हणूनही नाही. आग गॅरेज येईपर्यंत थांबत नाही.

नवा फ्यूज चावी ऑन करताच उडाला, तर बहुधा वायर पत्र्याला पक्की टेकली आहे किंवा पंप जाम झाला आहे. दुसरा, तिसरा फ्यूज वाया घालवू नका, गाडी ओढून न्या. काही किलोमीटरनंतर किंवा खड्ड्यात आपटल्यावर उडाला, तर घासलेली वायर शोधा. सीटखाली, पत्र्याच्या भोकातून वायर जाते तिथे, नंतर बसवलेल्या स्पीकरच्या किंवा गॅस किटच्या जोडाजवळ पाहा. पावसाळ्यात उंदीर कुरतडतात, तेही पाहा. वायर सगळीकडे चांगली असेल तर चांगल्या इलेक्ट्रिशियनकडून पंप किती अ‍ॅम्पियर घेतो ते मोजून घ्या. आकडा फार मोठा आला तर मग पंप बदला आणि त्याचे पैसे आनंदाने द्या, कारण आता ते कारण कळून दिलेले पैसे आहेत. तुटलेली वायर जोडायची तर आधी बॅटरीचे निगेटिव्ह टोक काढा. नुसता पीळ देऊन टेप मारू नका, डाग देऊन वर स्लीव्ह चढवा. पेट्रोलच्या नळ्यांना आणि टाकीला घरी हात लावू नका. त्यांत दाब असतो.

सीएनजीवर गाडी चालवणाऱ्या बांधवांना एक वेगळी सूचना. गॅस स्वस्त म्हणून पेट्रोलची टाकी पुष्कळजण कोरडी ठेवतात. पण बऱ्याच गाड्या आधी पेट्रोलवर सुरू होतात आणि नंतर गॅसवर जातात. टाकीतला पंप थंड राहतो तो आजूबाजूच्या पेट्रोलमुळेच. टाकी कोरडी असेल तर तो तापतो, झिजतो, जास्त करंट ओढतो आणि मग फ्यूज उडतो. म्हणून पाव टाकी पेट्रोल कायम ठेवा. गॅस भरलेला असूनही गाडी सुरू होत नसेल, तर हाच फ्यूज आधी पाहा.

भाच्याच्या गाडीची वायर मी जोडली, पट्टीपासून दूर नेऊन क्लिपने बांधली आणि जागेवर पुन्हा निळा फ्यूज बसवला. त्याला बराच काळ लोटला, तो अजून आहे. भाच्याच्या बायकोने त्या दिवशी माझ्याजवळ बसून झाकणावरचा तक्ता मुलाच्या वहीत मराठीत उतरवून घेतला. कोणता फ्यूज कशाचा, रंग कोणता, आकडा किती. ती वही आणि रंगाप्रमाणे दोन-दोन जादा फ्यूज आता गाडीच्या कप्प्यात असतात. स्टँडवर कोणाची गाडी अडली तर ड्रायव्हर मंडळी म्हणतात, "वहिनींची वही आणा रे."

घरातल्या एकाला गाडी चालवता येते, पण तिचा वास आणि आवाज सगळ्यांनाच येतो. मागच्या सीटवरच्या माणसाने "थांबवा" म्हटले तर ड्रायव्हरने थांबवावे. भाचा आता थांबतो.

पुढील अंकी : घरातील मिक्सरचा वास येऊ लागला तर काय करावे.